दुसरीच्या ओठांवर

औषधांच्या खिडकीसमोरच्या बाकावर मू हायशंग बसला होता, आणि शेजारून त्याच्या बायकोचा आवाज आला. "थांबा हो नावाडी," आवाज म्हणाला, "माझं बोलायचं राहिलंय." मान वळवून बघावं हेही त्याला क्षणभर सुचलं नाही. दवाखान्याच्या त्या लांबलचक दालनात नेहमीचा गलका होता. कुणी खोकत होतं, कुणी म्हाताऱ्या बापावर डाफरत होतं, सफाईवाली ओल्या फडक्याचा दांडा लोकांच्या पायांमधून सरकवत "पाय, पाय" करत चालली होती, आणि त्या सगळ्यातून तो आवाज असा सरळ आला, जणू लान पाठीशी उभी आहे आणि त्याच्या कॉलरला चिकटलेला दोरा काढता काढता बोलते आहे. पण लान घरी होती. चौथ्या मजल्यावर, खिडकीपाशी, चाकांच्या खुर्चीत. आणि तिला बोलता येत नव्हतं.

शेजारी पायाला प्लास्टर घातलेली एक तरुण बाई मांडीवर फोन आडवा ठेवून सिनेमा बघत होती. तेवढ्याशा काचेत गढूळ नदी वाहत होती, आणि काठावर लाल जाकिटातली एक मुलगी वाऱ्यानं तोंडावर येणारे केस मागे सारत उभी होती. ती चौकट मूनंच लावली होती. त्या दिवशी वारा इतका होता की कॅमेऱ्याचे पाय दोघांनी दाबून धरले होते.

"काय बघता, बाई?" त्यानं विचारलं. स्वतःचा आवाज त्याला परका वाटला.

"जुना सिनेमा हो आजोबा. आई मागे लागली, बघच म्हणून. फार हळू चालतो. नुसती नदी, नुसती नदी." ती हसली. "पण ही नटी बघा ना. बोलते किती गोड! हल्लीच्या पोरींना येतं का असं बोलायला?"

"ती नाही बोलत."

"अं?"

"बोलणारी दुसरी आहे."

बाईनं त्याच्याकडे पाहिलं, मग त्याच्या हातातल्या पिशवीवर मेंदूच्या विकारांच्या विभागाचं नाव होतं त्याकडे पाहिलं, आणि अशा माणसांशी बोलताना आणतात ती समजूतदार माया चेहऱ्यावर आणून म्हणाली, "हो का, आजोबा?" आणि फोन तिनं दुसऱ्या हातात घेतला. खिडकीतून त्याच्या नावाचा पुकारा होत होता. मू हायशंग. मू हायशंग आहेत का? झोपलेत का? तो उठून खिडकीशी गेला.

बस न घेता तो चालत निघाला. रस्त्याच्या दोन्ही बाजूंच्या चिनार झाडांचा कापूस हवेत उडत होता, नाकातोंडात जात होता. वसंतात शियान शहराला हा एक शापच असतो. त्याला आवाज ऐकून धक्का बसला होता हे खरं, पण चालता चालता त्याला कळत गेलं की धक्का आवाज ऐकल्याचा नव्हता. आपण तो आवाज विसरून गेलो होतो, ही गोष्ट त्याला आत कुठेतरी टोचत होती. गेली दोन वर्षं तो मनातल्या मनात लानशी बोले, जुन्या गोष्टी आठवे, तिची उत्तरंही त्याला ऐकू येत. आणि आता त्याच्या ध्यानात आलं की त्या सगळ्या आठवणींत लान त्याच्याच आवाजात बोलत होती. मनुष्य सहा महिन्यांत घराचा वास विसरतो तसं हे झालं होतं. घरात तिच्या आवाजाचे सिनेमे होते, मालिका होत्या, मुलांची कार्टून होती. त्यानं एकदाही लावलं नव्हतं. घरकामाला राहिलेली मिआओबाई मागे लागायची, "लावा की साहेब, बाईंना बरं वाटेल." तो विषय बदलायचा. स्वतःचा आवाज तिनं ओळखला, तर तिला कळेल स्वतःचं काय गेलं ते. आणि नाही ओळखला, तर ते आपल्याला कळेल. या दोन्हींपैकी एकही त्याला सोसणार नव्हतं, म्हणून घरात शांतता होती.

चार जिने चढून तो घरी आला तेव्हा मिआओबाई लानला मटणाच्या रश्शात रोटी कुस्करून भरवत होती. "बघा, आले तुमचे!" ती म्हणाली. "आज फार उशीर केला. बाईंनी दाराकडे बघून बघून मान आखडून घेतली."

लाननं त्याच्याकडे पाहिलं. "मग?" ती म्हणाली.

तिच्याजवळ एवढा एकच शब्द उरला होता. भाजी धुताना ती पडली, दवाखान्यात शुद्धीवर आली, आणि डॉक्टरांनी बोटं दाखवून किती म्हणून विचारलं तेव्हा ती म्हणाली, मग. नाव विचारलं, मग. डॉक्टर म्हणाले, होतं असं. सगळी भाषा वाहून जाते आणि एखादा दगड खाली राहतो. पण हयातभर आवाजावर पोट भरलेल्या बाईच्या हाती तो एक शब्दही साधा राहिला नव्हता. भूक लागली की तो खाली घसरे. राग आला की तुटून पडे. मिआओबाईनं तिच्या गावच्या सासवांची नक्कल केली की तो खुदकन फुटे. आणि संध्याकाळी, समोरच्या गच्चीवरची कबुतरं परत आली की लान तोच शब्द इतक्या हळू म्हणे की मूला उठून आतल्या खोलीत जावं लागे. आत्ताचा 'मग' सरळ होता: कुठं होतास?

"गर्दी होती," मू म्हणाला. सांगावं असं त्याच्या ओठांवर आलं होतं. ते त्यानं गिळलं.

मूच्या आयुष्यात सिनेमा आला तो मागच्या बाजूनं. शहरातल्या शिकलेल्या पोरांना खेड्यांत धाडलं त्या वर्षांत तो उत्तरेच्या मातीच्या डोंगरांत मेंढ्या राखत होता. वर्षातून एखादेवेळी खेचरावर यंत्र लादून सिनेमावाले येत, दोन बोरींच्या झाडांमध्ये पडदा बांधत, आणि पाच गावांची माणसं अशी लोटत की मूसारख्या उपऱ्याला पडद्याच्या मागेच जागा मिळे. तिथून सगळी माणसं डावखुरी दिसत, अक्षरं उलटी दिसत, पण आवाज मात्र सुलटाच येई. पुढे राजधानीतल्या चित्रपटविद्यालयाचे दरवाजे पुन्हा उघडले, तो परीक्षेला बसला, घेतला गेला, शिकून या शहरातल्या स्टुडिओत नेमला गेला. बरोबरचे काहीजण पुढे जगभर गाजले. मूलाही वाटलं होतं, आपलंही तसंच होणार. पहिल्या सिनेमानं ते वाटणं खरंही केलं.

'खाऱ्या विहिरीचं गाव' त्याचं नाव. नवरा मीठ विकायला नदीपार गेलेला, तो परतत नाही, आणि बायको रोज घाटावर येते; गोष्ट म्हणून एवढीच. नायिकेसाठी मू सगळीकडे फिरला आणि शेवटी सिचुआनमधल्या एका रेशीमगिरणीत त्याला च्याओ शुआंग सापडली. कढत पाण्यातून रेशमाचे कोष काढणाऱ्या पोरींच्या रांगेत ती उभी होती, बोटं उकडून पांढरी झालेली, आणि वाफेतून तिनं वर पाहिलं तेव्हा मूला आपला सिनेमा सुरुवातीपासून शेवटापर्यंत दिसला. मग ती बोलली. "काय ओ दादा, पोरी बघाया आलाय का कोष?" सगळ्या पोरी हसल्या. मूही हसला. शूटिंगभर ती तशीच बोलली, तिच्या खेड्याच्या बोलीत, फटकळ, मिरचीसारखी, आणि स्टुडिओच्या म्हाताऱ्या प्रमुखांनी फिल्म बघितली तेव्हा ते डोळे पुसत म्हणाले, "चेहरा देवीचा आहे रे. पण बोली लोणचं विकणारीची. दुसऱ्या कुणाकडून तरी संवाद म्हणवून घे." यात विचार करण्यासारखं कुणाला काही वाटलं नाही. तेव्हा सगळेच करत. पडद्यावर प्रमाणभाषा हवी हा नियमच होता. शुआंगला कुणी विचारलंही नाही, आणि आवाज देणाऱ्यांची नावं श्रेयनामावलीत घालायची त्या स्टुडिओत पद्धत नव्हती.

पेई लान डबिंगच्या खोलीत आली ती हिरवा स्वेटर घालून. चपला दाराशी काढल्या, मोज्यांवर चालत माईकपाशी गेली, घशासाठी नासपती उकळलेल्या पाण्याचा डबा खाली ठेवला आणि म्हणाली, "आधी आवाज बंद करून दाखवा." अंधारात शुआंगचा चेहरा पडद्यावर आला. तोच तुकडा पुन्हा, पुन्हा, पुन्हा. लान बघत राहिली. किती वेळानं म्हणाली, "हिचा खालचा ओठ आधी हलतो, पाहिलंत? शब्द मागून येतो. ही बोलायच्या आधी घाबरते." मूनं तो चेहरा महिनोन्महिने पाहिला होता, त्यावर दिवे टाकले होते, तो कापला होता, जोडला होता, त्याला हे दिसलं नव्हतं. तो म्हणाला, "घाबरते? ती तर दगडालाही उलट उत्तर देईल." लान म्हणाली, "म्हणूनच." तिनं मग बोलायला सुरुवात केली. पडद्यावरची मुलगी पहिल्यांदा जिवंत झाली असं त्याला वाटलं. आणि ते वाटणं पुढे कित्येक वर्षं गेलं नाही, त्यातच त्यानं लानशी लग्न केलं, आणि तरी कधीमधी पहाटे जाग आली की शेजारी झोपलेल्या बाईच्या श्वासाला कुठला चेहरा जोडावा हे त्याला पटकन समजत नसे. ही गोष्ट त्यानं कुणाला सांगितली नाही. सांगण्यासारखी ती नव्हतीच.

पहिल्या खेळाला शुआंग आईला घेऊन आली होती. दिवे लागले तेव्हा टाळ्या थांबत नव्हत्या. शुआंग मात्र गोरीमोरी झालेली. बाहेर व्हरांड्यात तिनं मूची बाही धरली. "मूदादा, माझ्या तोंडातनं ती कोण बाई बोलतीया?" मू काहीतरी समजावून सांगू लागला, तर ती म्हणाली, "आई माझी इचारतीया, पोरी, तुला ताप होता का गं तवा? आवाज का असा दुसऱ्याचा?" मग ती स्वतःच हसली, आणि पुढे कधी तिनं तो विषय काढला नाही. राजधानीत गेली, शिकवणी लावून प्रमाणभाषा शिकली, इतकी की बातम्या वाचणाऱ्यांनी ऐकावं. मोठी झाली. मूच्या पुढच्या सिनेमात तिला काम करायचं होतं. पण मूचा पुढचा सिनेमा कुणी पाहिलाच नाही.

तो एका दुष्काळावर होता, ज्याबद्दल उघड बोलायला बंदी होती. दुष्काळाचं वर्ष कुठलं हे सिनेमात कुठेही म्हटलेलं नव्हतं, तरी ते सगळ्यांना कळत होतं, आणि तेच नडलं. आधी वरचे अधिकारी म्हणाले, शेवट बदला. मूनं नकार दिला. वर्ष गेलं. मग त्यानं बदलला. म्हणाले, सूर फार काळोखा आहे. त्यानं दोन प्रसंग काढले, पाऊस पडलेला दाखवला. मग म्हणाले, बघू. पुढे कुणी काही म्हणालंच नाही. फिल्मचे डबे कपाटात गेले ते गेले. स्टुडिओ विकला, गोदामं हलली, आणि आज ते डबे कुठे आहेत हे विचारायलाही माणूस उरलेला नाही. सिनेमा अडवला गेला याचं दुःख माणूस अभिमानासारखं मिरवू शकतो. मूला तेही जमलं नाही, कारण शेवट त्यानं बदलला होता. त्यानं पाऊस पाडला होता, अग्निशमन दलाचे बंब आणून. बदललेला भाग डब करताना लान माईकपाशी उभी होती आणि तिच्या वाट्याला ओळ होती, "आला गं बाई, आला!" तिनं ती पहिल्याच फटक्यात इतकी चोख म्हटली की खोलीतल्या सगळ्यांनी तिला दाद दिली. घरी जाताना सायकलवर मागे बसून ती म्हणाली, "मू, तो पाऊस खोटा आहे हे मी आवाजात येऊ दिलं नाही हं." ती त्याची समजूत घालत होती. तो पेडल मारत राहिला. त्यानंतर तो फारसा बोललाच नाही. बादशहा आणि त्यांच्या राण्यांच्या मालिका केल्या, दुधाच्या पावडरीच्या जाहिराती केल्या, काही वर्षं कुठेतरी शिकवलं. घर लान चालवत होती. कार्टूनमधला ससा, मूर्ख वाघ, बोलका मुळा, सगळं तीच. चाळीच्या अंगणात पोरं तिला अडवत, "काकू, सशासारखं बोला ना!" आणि दोन्ही हातांत भाजीच्या पिशव्या असताना ती थांबून सशासारखं बोले. त्यांना मूल झालं नाही. ती घरी येई तेव्हा मू खिडकीत बसलेला असे, आणि ती आपल्या आवाजात विचारी, "चहा घेतलास?" तो मान हलवी. किती वर्षं तो नुसती मान हलवत होता. तिचा आवाज घरात असताना त्यानं तो किती कमी वेळा ऐकला!

दवाखान्यातल्या त्या दिवसानंतर आठवडाभरात फोन आला. जुन्या स्टुडिओच्या जागी आता सिनेमाचं संग्रहालय आणि कॉफीची दुकानं झाली होती. तिथल्या बाई बोलत होत्या. 'खाऱ्या विहिरीचं गाव' स्वच्छ करून घेतलाय, रविवारी दुपारी जुन्या हॉलमध्ये खेळ आहे, च्याओ शुआंग राजधानीहून येतायत, सरांनी यायलाच हवं. "गाजतोय सर तुमचा सिनेमा! तरुण मुलं फोनवर बघतात!"

"पेई लान येईल," मू म्हणाला.

"कोण, सर?"

"आवाज."

"आवाजाची काळजीच करू नका सर, नवीन स्पीकर बसवलेत."

मूनं फोन ठेवला. आणि त्याला आश्चर्य वाटलं की आपण हे म्हणालो. इतके दिवस ज्याला भीत होतो ते आपणच तोंडानं बोलून मोकळे झालो. रात्र व्हायच्या आत त्यानं खाली जाऊन दुआनला गाठलं. दुआन स्टुडिओतला जुना दिवेवाला, तळमजल्यावर राहणारा, दम्यानं भाता झालेला. सगळं ऐकून तो म्हणाला, "चार जिने? अरे, तुझ्या दुसऱ्या सिनेमाला मी डोंगरावर जनरेटर चढवला होता. तो सिनेमा कुणी पाहिला नाही ते सोड. लान जनरेटरपेक्षा हलकीच असेल."

"तुझा दमा?"

"मी उचलणार नाही रे, मी ओरडणार. उचलायला माझे जावई आहेत दोन, फुकट खातात."

रविवारी लानला मिआओबाईनं हिरवा स्वेटर घातला. मूनं सांगितलं नव्हतं. कपाटात वर तोच होता. खुर्चीसकट तिला उचललं तेव्हा ती घाबरली, जिन्याच्या पहिल्या वळणावर तिनं चांगल्या हातानं कठडा घट्ट पकडला आणि सोडीना. "मग! मग! मग!" जावई घामाघूम. खालून दुआन खोकत ओरडत होता, "डावीकडून! अरे, डावा कुठला तुझा, जेवतोस तो नव्हे!" मू तिच्यासमोर उलटा, एकेक पायरी खाली उतरत होता, तिची बोटं एकेक करून कठड्यावरून सोडवत होता. शेजारपाजारचे दारं उघडून उभे राहिले. कुणीतरी म्हणालं, "काकू, कुठं निघाली स्वारी?" दुसऱ्या मजल्यावर लाननं अचानक कठडा सोडला आणि मूच्या गळ्यात हात टाकला, आणि तसाच वाकडा वाकडा, मान अवघडून, तो उरलेले जिने उतरला. खाली उजेड होता. तिनं डोळे मिटून घेतले. अंगणातल्या बाभळीच्या जातीच्या झाडांना पांढरी फुलं आली होती. ही फुलं पिठात घोळवून, वाफवून ती दर वर्षी करायची. यंदाचीही फुलं येऊन आता गळायला लागली होती.

हॉल भरला होता. बहुतेक तरुण मुलं. मूनं कडेची जागा घेतली, लानची खुर्ची आपल्या शेजारी लावली. दिवे गेले, नदी आली. नदी इतकी स्वच्छ त्यानं कधी पाहिली नव्हती. गढूळपणासुद्धा धुऊन काढल्यासारखा. पण त्यानं पडद्याकडे पाहिलंच नाही. तो लानकडे बघत होता. पडद्याचा उजेड तिच्या चेहऱ्यावर हलत होता, आणि तिचा तरुण आवाज चारी भिंतींमधून येत होता. तो भांडत होता, हसत होता, मिठाचा भाव करत होता. लान बघत होती. तिचा चेहरा शांत, उत्सुक, किंचित पुढे झुकलेला, जत्रेत बसलेल्या बाईसारखा. घाटाचा प्रसंग आला. वारा आला. मुलीनं केस मागे सारले. "थांबा हो नावाडी, माझं बोलायचं राहिलंय."

लान वळली. तिनं मूच्या मनगटावर हात ठेवला आणि डोळे मोठे करून, पडद्याकडे हनुवटीनं खूण करून, अगदी हळू विचारलं, "मग?"

तिला पुढची गोष्ट हवी होती. थांबतो का तो नावाडी? ती बोलते का? आपला आवाज तिनं ओळखला नव्हता. तो कुणा दुसऱ्या बाईचा आवाज होता, गोड, दुःखी बाईचा, आणि त्या बाईचं पुढे काय होतं याचा लानला घोर लागला होता. मूला वाटलं होतं आपण मोडून पडू. तसं काही झालं नाही. तो तिच्या कानाशी वाकला. "थांबत नाही तो," तो कुजबुजला. "नाव पुढे जाते. पण ती बोलते. नदीशीच बोलते, बघ आता." लाननं मान हलवली आणि पुन्हा पडद्याकडे वळली. तिच्या डोळ्यांतून पाणी आलं, पण ते त्या मुलीसाठी होतं. आणि मूला वाटलं, असा प्रेक्षक आपल्याला आयुष्यात मिळाला नव्हता.

दिवे लागल्यावर शुआंगला मंचावर बोलावलं. करडे केस कापलेली, साधा कोट घातलेली बाई काठीवर भार देत वर गेली. मूचंही नाव पुकारलं; तो उठला नाही, लानचा हात अजून त्याच्या मनगटावर होता. फुलं झाली. मग सूत्रसंचालन करणारी मुलगी लाडानं म्हणाली, "च्याओ मॅडम, ते एक वाक्य! आमच्यासाठी!" हॉलभर टाळ्या, शिट्ट्या. वाक्य, वाक्य!

शुआंगनं माईक हातात घेतला. "ते मी म्हटलेलं नाही," ती स्वच्छ प्रमाणभाषेत म्हणाली. "ओठ माझे होते. लोक मला चाळीस वर्षं हे वाक्य म्हणायला सांगतात आणि मी काहीतरी कारण सांगून टाळते. ज्यांनी म्हटलं त्या तिथं बसल्यात. पेई लान."

सगळ्या माना वळल्या. मग टाळ्या सुरू झाल्या, वाढत गेल्या, मागच्या रांगांतली मुलं उभी राहिली. लाननं चकित होऊन आजूबाजूला पाहिलं. सगळे कुणासाठी तरी टाळ्या वाजवत होते. एवढे वाजवतायत म्हणजे कुणीतरी मोठं माणूस असणार. तिनं मान वळवून आपल्या मागे पाहिलं, मागे नुसती भिंत होती. तरी तिनं आपला चांगला हात उचलला आणि खुर्चीच्या दांड्यावर आपटत तीही टाळ्या वाजवू लागली, मनापासून, हसत. मूनं तिचा हात धरायला हात पुढे केला आणि तसाच मागे घेतला.

लोक पांगल्यावर शुआंग खाली आली. मूला तिनं मान लववली, तेवढंच. मग खुर्चीसमोर वाकायला गेली, गुडघा वाकेना, म्हणून पुढच्या रांगेतल्या आसनावर उलटी, त्याच्या पाठीवर हनुवटी टेकून बसली. दोघींचे चेहरे समोरासमोर आले. या दोघी आयुष्यात भेटल्या होत्या त्या समारंभांतून, हातात हात देऊन, घाईघाईनं. "लानताई," शुआंग म्हणाली, "कशा आहात?" आणि लानच्या चेहऱ्यावरचं हसू थांबलं. ती शुआंगच्या तोंडाकडे बघू लागली. डोळ्यांकडे नव्हे, तोंडाकडे. पुढे झुकून, भुवया आवळून, एखाद्या घराचा पत्ता ओळखीचा वाटावा तशी. तिनं हात लांब केला आणि बोट शुआंगच्या खालच्या ओठावर ठेवलं.

शुआंग हलली नाही. बोट तसंच राहू देऊन ती पुढे काहीतरी बोलली, प्रवास बरा झाला असं काहीतरी, आणि तेव्हा मूला दिसलं. लानचे ओठ हलत होते. शुआंगचा खालचा ओठ हलला की लानचा हलत होता. शब्दाला शब्द, थांब्याला थांबा, केसाचाही फरक नाही. आवाज मात्र नव्हता. त्या अंधाऱ्या खोलीत तिनं दिवसचे दिवस हे ओठ पाठ केले होते. आपला आवाज विसरली होती, पण हे विसरली नव्हती.

शुआंगनंही ते पाहिलं. तिचं बोलणं थांबलं, आणि लानचे ओठही थांबले. वाट बघत राहिले. तेव्हा शुआंगनं एकदा मूकडे पाहिलं, आणि पुन्हा तोंड उघडलं ते तिच्या गावाच्या बोलीत, रेशीमगिरणीतल्या, मूनं पुसून टाकलेल्या.

"लय दिस झालं ताई, असं बोलून," ती म्हणाली. "गुडघं पार गेलं बघा माझं. लेक कॅनडात, सून गुणाची हाय पर लोणचं घालाया येत न्हाई तिला, मोहरी जाळती. मी म्हनलं, असू दे बाई. आई हुती तवर फोनवर हेच बोलायची मी. रोज सांजच्याला. काय खाल्लं, काय न्हाई, म्हस येली का. आई गेली. आता हे बोलाया मानूसच न्हाई ओ ताई कुनी..."

हॉलचा माणूस दिवे मालवायला आला होता. दारातून दुआननं त्याला हातानंच थोपवलं. शुआंग बोलत होती, थांबली तर काय होईल या धास्तीनं बोलत होती, मिरच्यांबद्दल, पुराबद्दल, मेलेल्या मैत्रिणींबद्दल. आणि समोर हिरव्या स्वेटरमधली बाई तो एकेक शब्द आपल्या ओठांनी उचलून घेत होती. मू दोन रांगा मागे जाऊन बसला. इतक्या वर्षांत ती बोली त्यानं पहिल्यांदा नीट ऐकली. चांगली होती.